दोघं मिळून एक मास्तर

“चखो पहले, हिसाब बाद में!” गुणोत्तराचा धडा मास्तरसाहेब असा सुरू करायचे. पेल्यात एका लिंबाला तीन चमचे साखर. शेजारच्या घागरीत दहा पेले पाणी, दहा लिंबं, तीस चमचे. मुलं दोन्हीकडचं सरबत चाखत.

“क्या, फरक है?”

“नाय, मास्तरसाब!”

“बस. तो गुणोत्तर एकच.”

काही बेरकी पोरं मुद्दाम “फरक हाय” म्हणत, आणखी एक घोट मिळावा म्हणून. मास्तरसाहेबांना ते कळायचं, तरी द्यायचे. तुम्हाला असा मास्तर भेटला असता, तर तुमचंही गणित कच्चं राहिलं नसतं.

मी तेव्हा गंगापूरहून त्यांच्या शाळेत मराठीचा शिक्षक म्हणून नवाच आलो होतो. पोलीस ॲक्शन होऊन संस्थान विलीन झालं, तशी शाळा उर्दूची मराठी झाली होती. सारा जन्म उर्दूत गणित शिकवलेल्या या माणसाला आता शाब्दिक उदाहरणं मराठीत वाचून दाखवावी लागणार होती, नाहीतर वर्ग जाणार होता. शाळा सुटली की माझ्या वडिलांच्या वयाचे मास्तरसाहेब पाटी घेऊन मराठी शिकायला माझ्यासमोर बसत. मी उदाहरण वाचायचो, ते सोडवायचे.

“गणित मेरा, मराठी तुमारी. दोनो मिलके एक मास्टर,” म्हणून हसायचे.

एक दिवस शिक्षण खात्याचे साहेब तपासणीला आले. पुस्तक पुढं करून म्हणाले, “वाचा.” तीन एकराला बारा पायली बियाणं, तर पाच एकराला किती? मास्तरसाहेबांचं बोट पहिल्याच ओळीवर अडलं. त्यांनी पुस्तक पुढच्या बाकावरच्या मुलीला दिलं. तिनं वाचलं आणि सारा वर्ग एका दमात ओरडला, “वीस पायली!”

साहेबांनी वर्गाला शाबासकी दिली आणि मास्तरसाहेबांना वर्गावरून काढून कचेरीत बसवलं.

वर्ग मिळाला मला. शाळेत असल्यापासून ज्याचं गणित कच्चं, त्याला! फार लाज वाटली. संध्याकाळी शहागंजात त्यांच्या घरी गेलो आणि उंबऱ्याशीच उभा राहिलो. त्यांनीच पाटी पुढं ओढली.

“आओ गुरुजी. कल का सबक क्या है?”

मी वाचलं, त्यांनी सोडवून दाखवलं. पुढं ते आजारी पडून अंथरुणाला खिळले, तोवर हे रोज चाललं. मी निघालो की ते तेच ‘दोनो मिलके एक मास्टर’ म्हणायचे आणि हसायचे.

ते गेले, त्याच आठवड्यात गुणोत्तराचा धडा आला. मी सरबत केलं, मुलांनी चाखलं.

“गुरुजी, गणित लई सोपं करून सांगता तुम्ही,” एक मुलगी म्हणाली.

मी पाठ फिरवून कोराच फळा पुसत राहिलो. वर्गात अर्धाच मास्तर उभा आहे, हे त्या पोरांना कसं सांगणार?