चहा थंड व्हायच्या आत निकाल

डहाणू कोर्टासमोरच्या टपरीवर हे गृहस्थ रोज निकाल देतात, तोही चहा थंड व्हायच्या आत. आरोपीची नुसती चाल बघितली की यांना गुन्हा कळतो. वरोरच्या एका मासळीवालीवर शेजारणीचे वाळत घातलेले बोंबील चोरल्याची केस झाली. "मी डोळ्यांनी बघितलंय," यांनी टपरीभर सांगितलं. बाजारात तिच्या पाटीपुढे कुणी थांबेना. मग सरकारी वकिलानं यांनाच साक्षीला उभं केलं. तिथं हात जोडून म्हणाले, "साहेब, मी तर वरोरला कधी गेलोच नाय."

ती सुटली. बाहेर येऊन यांनी चहा मागवला. "बघितलं? माझ्यामुळे सुटली बिचारी!"

"मग आता तिच्याकडनं बोंबील घेणार ना?" मी विचारलं.

"छे! लोक काय म्हणतील?"