साहेबांसाठी साफ केलेला काठ

'सेजी' या एका इंग्रजी शब्दाने माझी नोकरी घालवली. शब्द कशाला घालवेल म्हणा, माणसांनीच घालवली. पण इतकी वर्षं मी शब्दालाच शिव्या देत आले, कारण माणसांना देऊन झाल्या होत्या.

आम्ही तेव्हा चिंचवडला दोन खोल्यांत राहत होतो. सत्तरच्या आसपासची गोष्ट. नवरा एका मोठ्या कंपनीत ड्राफ्ट्समन, म्हणजे दिवसभर वाकून यंत्रांच्या भागांची चित्रं काढायची. सासूबाई आमच्याजवळच. आणि मी गावठाणाजवळच्या एका खाजगी शाळेत आठवीला इंग्रजी शिकवायची. शिकवायची म्हणजे काय, दर जूनला घ्यायचे आणि दर एप्रिलला सोडायचे. उन्हाळाभर जीव टांगणीला. घरी कुणी पाहुणा आला आणि 'नोकरी करता का?' म्हणाला, की काय सांगायचं तेच कळायचं नाही. हो म्हणावं तर मे महिना, नाही म्हणावं तर जून तोंडावर.

त्या वर्षी मात्र इंग्रजीची एक जागा कायम होणार होती. मुख्याध्यापकांनी मला बोलावून सांगितलं, "बाई, तपासणीला साहेब येतायत. तुमचा पाठ बघणार. शेरा चांगला आला तर जागा तुमची." मी घरी आले ती पायांत चाकं लावल्यासारखी. नवऱ्याला सांगितलं, सासूबाईंना सांगितलं. सासूबाई म्हणाल्या, "चांगलं झालं. फक्त तोंड आवर. जरा वाकायला शीक, लव्हाळ्यासारखं."

हे त्यांचं नेहमीचं. पूर आला की ताठ झाडं वाहून जातात आणि वाकणारं लव्हाळं राहतं, हे आपल्याकडे शेंबडं पोरसुद्धा सांगतं. सासूबाईंनी तरुणपणी नवरा गेल्यावर दिरांच्या घरात दिवस काढले होते. माझ्या जिभेला धार आहे हे लग्नाच्या बोलणीतच त्यांनी हेरलं होतं, आणि तेव्हापासून दर आठवड्याला ते लव्हाळं माझ्या ताटात वाढलेलं असायचंच.

तर पाठ. साहेबांनी वाचनमालेतला जो धडा निवडला, त्यात इंग्लंडातल्या एका नदीचं वर्णन होतं आणि तिचा काठ होता सेजी. तोपर्यंत मी हा शब्द बापजन्मात ऐकला नव्हता. शाळेतल्या शब्दकोशाची पानं वाळवीने खाल्लेली, पण नेमकं हे पान शाबूत. दलदलीत उगवणारं, तीन धारांचं एक गवत असतं. ते जिथे माजलेलं असतं, अशा काठाला, ओढ्याला, तळ्याला सेजी म्हणायचं. माणसाला हा शब्द लागत नाही, घराला लागत नाही, डोंगराला लागत नाही. जन्मभर मास्तरकी केली तरी दोनदा वापरायला मिळायचा नाही असा शब्द! आणि त्याच्यावर माझी जागा ठरणार होती. अरे, 'नदी', 'होडी', 'पूल' असले शब्द काय मेले होते?

इंग्रजी-मराठी कोशात पाहिलं तर समोर लिहिलेलं, लव्हाळ्याने भरलेला. म्हटलं, इथेही तुम्ही आलात का सासूबाई!

आता कुणी म्हणेल, मग अडचण काय? 'लव्हाळ्याने भरलेला काठ' असं मराठीत सांगा आणि पुढे जा. तिथेच तर गोम होती. आमच्या वेळी इंग्रजीच्या तासाला मराठीचा एक शब्द काढणं म्हणजे सोवळ्यात कांदा चिरण्यासारखं. सगळं दाखवून शिकवायचं. सफरचंद असेल तर सफरचंद दाखवा, धावणं असेल तर वर्गात धावा. साहेब या पद्धतीचे कट्टर होते, मराठी कानावर आलं की वहीत फुली मारतात अशी त्यांची ख्याती. आणि खरं सांगायचं तर मराठीतून सांगूनही काही उजेड पडला नसता. माझ्या वर्गातली निम्मी पोरं मराठवाड्यातून आलेल्या कामगारांची, काही कोकणातली, काही इथल्या गावठाणातली. लव्हाळं वाकतं हे सगळ्यांनी ऐकलेलं. ते दिसतं कसं, हे विचारलं तर सगळी छताकडे बघायला लागली. मी स्वतः माणदेशातली. आमच्याकडे नदीतच पाणी नसायचं, लव्हाळं कुठून असणार?

मी नवऱ्याला म्हटलं, "मोठा तक्ता करून द्या. पाण्याकाठचं गवत काढा, वाऱ्यावर डुलणारं." त्याने रविवारची दुपार घालवली. संध्याकाळी तक्ता उलगडला. त्यावर एक गवताची काडी, समोरून. शेजारी तीच काडी, बाजूने. खाली तीच काडी, वरून, तिचा तिकोनी छेद दाखवून. तिन्हींना बाणांनी मापं दिलेली, आणि कोपऱ्यात चौकट करून सही. करायला गेले गणपती अन् झाला मारुती म्हणतात ते हे. मी म्हटलं, "हे गवत आहे की गिअर?" तो म्हणाला, "यावरून कुणीही गवत बनवू शकेल." मी कपाळावर हात मारला. तरी तक्ता वर्गात नेऊन दाखवला. पहिल्या बाकावरचा पोरगा उभा राहून म्हणाला, "बाई, हे माझ्या वडलांच्या खात्यात असतं. फाइल. लोखंड घासायची."

शेवटी गावठाणातली एक मुलगी तास संपल्यावर माझ्यामागे आली. "बाई, लव्हाळं पायजे व्हय? नदीला लई हाय की. आमची म्हस शिरली तर दिसत न्हाई."

तिच्याबरोबर गेले. शाळेपासून नदी हाकेच्या अंतरावर, पण इतक्या वर्षांत मी त्या बाजूला कधी गेलेच नव्हते. पवनेचं पाणी तिथे वळण घेतं, आणि त्या वळणावर छातीएवढं उंच, हिरवंगार लव्हाळं उभं होतं. वारा आला की सगळं एकदम लवायचं आणि एकदम उठायचं. काडी हातात धरून फिरवली तर बोटांना खरंच तीन धारा लागत होत्या. मागे कंपनीचा भोंगा झाला. मी तिथे उभी राहून मोठ्याने म्हटलं, "सेजी!" मुलगी हसायला लागली. मीही हसले. त्या शब्दाबद्दल मला आयुष्यात एकदाच प्रेम वाटलं, ते तेव्हा.

ठरलं. चार काड्या वर्गात आणून काठ कसला कळणार? सगळा वर्ग नदीवर न्यायचा, साहेबांसकट. पद्धत म्हणते ना दाखवा, घ्या, काठच दाखवते. मी पाठाचं टाचण लिहिलं, त्यात साहित्य म्हणून 'नदीकाठ आणि तेथील लव्हाळे' असं स्वच्छ लिहिलं आणि मुख्याध्यापकांपुढे ठेवलं. त्यांनी न वाचता सही ठोकली. टाचण वाचतो कोण! मी तोंडी सांगितलं, "सर, साहेबांना नदीवर नेणार आहे."

"नदीवर? साहेबांना?" त्यांचा चेहरा जरा उतरला. मग म्हणाले, "बरं. मी बघतो."

हे 'मी बघतो' मला तेव्हाच खटकायला हवं होतं.

ज्यांनी त्या काळातली शाळा-तपासणी पाहिली नाही त्यांना सांगून खरं वाटायचं नाही. साहेब यायचे म्हटलं की आधी आठवडाभर शिकवणं बंद. भिंतींना चुना, कुंड्यांना गेरू, फळ्याला काळा रंग. कोळिष्टकं काढायची, मुलांची नखं कापायची, बाकं पालथी घालून त्यांच्या बुडाची शाई खरवडायची. साहेब काय बाकांची बुडं बघणार होते? पण शंका विचारायची नाही. आदल्या दिवशी दहावीच्या मुलांना श्रमदानाला लावलं. शिपाईमामांबरोबर ती विळे घेऊन निघालेली मी पाहिली. मी व्हरांड्यात सुविचार लिहीत होते. वाटलं, मैदानावरचं गवत काढणार असतील. छान, म्हटलं, आणि 'नम्रता' या शब्दातला 'र' नीट काढत बसले.

दुसऱ्या दिवशी साहेब आले. उंच, बारीक, पांढरा बुशशर्ट, आवाज मऊ. मी धडा सुरू केला, छान रंगला. त्या शब्दापाशी आल्यावर मी इंग्रजीतच म्हटलं, चला मुलांनो, आपण बघूनच येऊ. साहेबांच्या भुवया वर गेल्या आणि चेहरा खुलला. "एक्सलंट," म्हणाले. खोटं कशाला सांगू, त्या एका शब्दावर मी नदीपर्यंत तरंगत गेले. मनात पुढच्या मे महिन्यात कुठे जायचं तेसुद्धा ठरवून टाकलं.

वळण आलं.

काठ कसा होता सांगू? लग्नाच्या मांडवासारखा. दोन्ही बाजूंना चुना फासलेले दगड ओळीने मांडलेले. मध्ये सारवलेलं. सारवणावर रांगोळी आणि 'सुस्वागतम्'. शाळेतली हातांची खुर्ची आणून ठेवलेली, पाण्याकडे तोंड करून. आणि लव्हाळं? एक काडी नाही. बोटभर खुंट राहिले होते, त्यांवरसुद्धा मुरूम टाकून चोपला होता. बाजूला राखेचा ढीग, अजून जरा धुमसत होता. पलीकडच्या तीराला पाहिलं, तिथे नुसता काळा खडक.

मुलं माझ्याकडे बघतायत, मी खुंटांकडे बघतेय. साहेबांनी इंग्रजीत विचारलं, "कुठे आहे ते गवत?"

मुख्याध्यापक पुढे झाले. त्यांना वाटलं, कौतुकच चाललंय. "सगळं साफ केलं, सर! टोटली क्लीन!"

शिपाईमामा मागून म्हणाले, "एक काडी ठेवली न्हाई, साहेब."

मी तोंड आवरलं. देवाशपथ आवरलं. सासूबाईंची आठवण काढून दहा श्वास घेतले. मग मुख्याध्यापक माझ्या कानाशी येऊन म्हणाले, "काय बाई, तोंड का असं? गवतच ना ते? साहेबांच्या बुटांना चिखल लागला असता, साप-किरडू निघालं असतं. त्यात काय बघायचंय?"

"अहो, तेच बघायला आणलंय ना सगळ्यांना!" मी मराठीत ओरडले. "तेच! ते गवतच! इथे येऊन काय तुमचे चुन्याचे दगड शिकवू? साफच करायचं होतं तर डोक्यात भुसा भरलाय तो साफ करायचात!"

मग मागच्या रांगेतून एक फिस्सकन हसला आणि सगळी पोरं फुटली. साहेबांनीही तोंडावर रुमाल धरला. मुख्याध्यापकांचे कान लाल झाले, आणि मला कळलं की जागा गेली.

त्या गोंधळात गावठाणातली ती मुलगी मात्र इतरांना हाताने छातीपाशी उंची दाखवून सांगत होती, "एवढं हुतं, हितनं तितवर, समदं हलायचं, आमची म्हस..." आणि कधी नव्हे ती सगळी पोरं कान देऊन ऐकत होती. वर्गात परतल्यावर साहेबांनी तिघाचौघांना अर्थ विचारला. तिघाचौघांनीही बरोबर सांगितला. शब्द आला होता हो त्यांना! माझ्या मेलीच्या पाठाचा हेतू सफळ झाला होता. पण शेऱ्यात आलं ते एवढंच, की शिक्षिकेने मातृभाषेचा वापर केला आणि तिच्यात संयमाची उणीव आहे. ते वाचून मी म्हटलं, संयम कुणाकडे होता? लव्हाळ्याकडे होता. काय झालं त्याचं?

एप्रिलमध्ये मला नेहमीप्रमाणे सोडलं. जूनमध्ये गेले तर मुख्याध्यापक अगदी गोड आवाजात म्हणाले, "जागा भरली, बाई. नव्या बाई फार शांत स्वभावाच्या आहेत." वार्षिक परीक्षेत तो शब्द आला का? नाही आला. पुढे मी घरी शिकवण्या घेतल्या, पुष्कळ घेतल्या, त्यातही कधी आला नाही. आजवर कुणालाही मला 'सेजी'चा अर्थ विचारावासा वाटलेला नाही.

तपासणीच्या त्या दिवशी घरी आले आणि चप्पल काढायच्या आधीच सांगून टाकलं. नवरा शिफ्टला गेलेला. सासूबाई तांदूळ निवडत होत्या. म्हणाल्या, "तरी सांगत होते. वाकली असतीस तर..."

माझा संताप डोक्यात गेला. "कुणाला सांगता वाकायला? ते काय ताठ उभं होतं का? जन्मभर वाकतच होतं ना तुमचं लव्हाळं? पुरापुढे वाकून वाचता येतं. विळा घेऊन आले त्यांच्यापुढे वाकून काय होतं, सांगा ना!"

त्या निवडत राहिल्या. मला वाटलं, आता मला उलट बोलल्याबद्दल ऐकावं लागणार. तांदूळ जरा पाखडले, सूप खाली ठेवलं, आणि माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "काही होत नाही गं. मी वाकूनच पाहिलंय."