सकाळी ओठांवर येणारी चाल

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे, तर डोंबिवलीतल्या आमच्या संगीतकार काकांचे. गावाहून कॉलेजसाठी आलो तेव्हा त्यांनी मला घरात ठेवून घेतलं, म्हणून मी आमच्या घरातला पहिला पदवीधर होऊ शकलो.

काकांनी चार मराठी चित्रपटांना संगीत दिलं. ते फारसे कोणी पाहिले नाहीत, तरी काका मजेत असायचे. नवी चाल ते संध्याकाळी पेटीवर मला एकदाच ऐकवायचे. सकाळी दात घासताना मी ती आपणहून गुणगुणलो तर पसंत, नाहीतर रद्द.

"तू बेसूर आहेस, म्हणून तर विचारतो," ते म्हणायचे. "तुझ्या तोंडी बसली की कुणाच्याही बसेल."

शेवटच्या चित्रपटातल्या देवीच्या गाण्यावर त्यांचा फार जीव होता. सकाळी ते मोरीच्या दाराशी कान देऊन उभे राहिले.

"काहीच नाही का रे?"

"नाही आठवत, काका."

त्यांचा चेहरा उतरला. मग हसून म्हणाले, "या वेळी तुझं ऐकणार नाही."

तो चित्रपट आठवडाभरात उतरला. "जिंकलास बाबा," म्हणत त्यांनीच मला मिसळ खाऊ घातली.

आता मी आईला घेऊन ठाण्यात वर्तकनगरला राहतो. परवा त्यांना पत्र पाठवलं:

"ती. काकांना साष्टांग नमस्कार. काल टेंभी नाक्यावर नवरात्रात बँडवाल्यांनी तुमचं देवीचं गाणं वाजवलं. आईने ते पहिल्यांदाच ऐकलं. आज सकाळी चहा करताना ती तेच गुणगुणत होती. काका, चाल पसंत आहे."