गुडघ्यावरच्या दोन थापा

लायमन स्टोल्ट्झचं घराणं घोड्यांना नाल ठोकणारं. इंडियानातल्या त्यांच्या गावात पहिली मोटार आली, चौकात बंद पडली आणि दुरुस्तीला त्यांच्याच भात्यापाशी ओढत आणली गेली. तेव्हापासून लायमनचं डोकं फिरलं ते फिरलंच. जत्रेत घोड्यांच्या धावपट्टीवर मोटारींच्या शर्यती लागायच्या, त्यात तो दरसाल उतरायचा आणि दरसाल दुसरा यायचा. लोक बक्षिसाची डुकरं बघून झाली की गाडी उलटायची वाट बघत कठड्याला रेलून उभे राहायचे. असल्या हौसेला काय म्हणावं!

शेजारच्या सीटवर त्याच्या बायकोचा भाऊ व्हर्जिल बसायचा. हातपंपाने इंजिनाला तेल पाजायचं आणि मागे नजर ठेवायची, हे त्याचं काम. त्या गोंगाटात बोललेलं ऐकू येणं अशक्य, म्हणून बोलणं सगळं लायमनच्या गुडघ्यावर चालायचं. एक थाप म्हणजे मागून गाडी येतेय, बाजूला हो. दोन थापा म्हणजे टायर गेला, थांब.

त्या वर्षी निघताना आयडेलाने तळलेल्या कोंबडीचा डबा नवऱ्याच्या हातात आदळला. "जिंकला नाहीस तरी चालेल, पण माझ्या भावाला धड घरी आण. नवरा दुसरा मिळेल मला, भाऊ एकच आहे."

"ऐकलंस?" व्हर्जिल हसला. "कळली ना तुझी किंमत?"

"आणते गं बाई तुझ्या लाडक्याला!" लायमनने बायकी आवाज काढून तिला वेडावलं, आणि मग नीट म्हणाला, "आणतो."

शर्यत संपत आली होती आणि आयुष्यात पहिल्यांदाच लायमनच्या पुढे कोणी नव्हतं. तेवढ्यात गुडघ्यावर दोन थापा पडल्या. मागच्या उजव्या टायरचं रबर झिजून आतलं पांढरं कापड दिसायला लागलं होतं. लायमनला थापा कळल्या. एवढा एक फेरा, तो मनाशी म्हणाला. पुन्हा दोन थापा पडल्या, या खेपेला जोरात. त्याने वेग वाढवला.

मग व्हर्जिलने थापटणं सोडून दिलं. मान खाली घालून तो नुसता तेलाचा पंप मारत राहिला. ते मात्र लायमनला सोसवलं नाही. त्याने ॲक्सिलरेटरवरचा पाय उचलला, आणि त्याच वळणावर टायर फुटला.

गाडी कोलांट्या खात कठड्यावर गेली. लायमन मातीत पडला होता. उठून बघतो तर व्हर्जिल ऐन पट्टीच्या मध्यावर, पाय भलतीकडेच वळलेला. लायमन रांगत त्याच्यापाशी गेला. धुळीत लांबचं काही दिसत नव्हतं, कान तर पार बधिर झाले होते.

"व्हर्जिल! अरे बोल ना, गाढवा!"

व्हर्जिलचे डोळे लायमनच्या खांद्यावरून मागे बघत होते. त्याचे ओठ हलले नाहीत. हात तेवढा उचलला गेला आणि लायमनच्या गुडघ्यावर पडला. एकच थाप.

लायमनने मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. व्हर्जिलच्या काखेत हात घालून त्याने दोघांचे देह आतल्या गवतात झोकून दिले. ते जिथे होते तिथूनच एक गाडी धूळ उडवत निघून गेली.

व्हर्जिल वाचला, पण लंगडा झाला. लायमन पुन्हा शर्यतीत उतरला नाही. लोक म्हणाले, घाबरला. म्हणोत बापडे!

व्हर्जिलला घरी आणलं त्या दिवशी आयडेला चुलीवरचं सूप ढवळत होती. रडून रडून तिचे डोळे सुजले होते. लायमन खाटेच्या कडेला बसला होता.

"डोळे कुठे होते रे तुझे?" ती पाठमोरीच भावावर डाफरली. "टायर बघायचं काम तुझंच ना?"

"धुळीत दिसलाच नाही गं," व्हर्जिल म्हणाला.

लायमनचा चेहरा पडला. "आयडेला," तो म्हणाला, "ऐक, खरं म्हणजे..."

गोधडीखालून व्हर्जिलचा हात बाहेर आला आणि लायमनच्या गुडघ्यावर दोन थापा पडल्या.

या वेळी लायमन थांबला.