पुरस्कार मिळालेली कोलंबी

आमच्या राजकीय मालिकेला यंदा सर्वोत्कृष्ट मालिकेचा पुरस्कार मिळाला, नायिकेला अभिनयाचा मिळाला आणि मला लेखनाचा. तिन्ही पुरस्कार जाहीर करताना पडद्यावर एकच प्रसंग दाखवला. गावची सरपंचबाई पडवीत बसून कोलंबी सोलते आहे आणि समोर तीन पुरुष तिच्या सहीची वाट बघत ताटकळले आहेत. परीक्षकांनी या प्रसंगाचा खास उल्लेख केला. मी टाळ्या घेतल्या, ट्रॉफी घेतली, अगदी चहा देणाऱ्यांपर्यंत सगळ्यांचे आभार मानले. फक्त जिचा तो प्रसंग होता तिचं नाव घेतलं नाही.

ती माझी मामी. बुरोंडीची.

आधी कौतुक सांगते, कारण ते खोटं नाही. मालिका खरोखरच चांगली झाली. राजकारण म्हणजे गाड्यांचा ताफा आणि बंगल्यातल्या मसलती असं न दाखवता दिग्दर्शकाने ग्रामपंचायतीचं ऑफिस दाखवलं, तिथली डुगडुगणारी खुर्ची दाखवली, आणि एक ठराव मंजूर होताना किती जणांना घाम फुटतो ते दाखवलं. नायिका देशावरची, मासे न खाणाऱ्या घरातली. आठ दिवस ती मासळी बाजारात कोळणींच्या शेजारी बसून कोलंबी सोलायला शिकली, बोटांना काटे टोचून घेतले. चित्रीकरणाच्या दिवशी तिचे हात न बघता चालत होते. मी कॅमेऱ्यामागे उभी राहून बघत होते आणि मला मामीच दिसत होती.

समीक्षकांनी भरभरून लिहिलं. एकाने बाईच्या मौनावर दोन रकाने खर्च केले. दुसऱ्याने तिच्या हातातल्या सुरीचं प्रतीक उलगडून दाखवलं. कोलंबी हातानेच सोलतात, प्रसंगात सुरी कुठेच नव्हती, हे त्या भल्या माणसाला कोणी सांगायचं? पण त्याने इतक्या प्रेमाने लिहिलं होतं की तेही कात्रण मी जपून ठेवलं.

खरी गोष्ट अशी. बारावीची परीक्षा देऊन मी सुट्टीला बुरोंडीला गेले होते. सरपंचपद तेव्हा बायकांसाठी राखीव होतं आणि मामी निवडून आली होती. किनाऱ्यालगत गावची मोकळी जागा होती. सगळ्यांची जाळी आणि मासळी तिथेच वाळायची. ती जागा हॉटेलसाठी द्यायची असा ठराव बाकीच्या सदस्यांनी आधीच लिहून ठेवला होता, राहिली होती फक्त मामीची सही. दुपारी ग्रामसेवक आणि दोन सदस्य ठरावाची वही घेऊन घरी आले. मामी पाटीभर कोलंबी घेऊन पडवीत बसली होती, सोलून वाळवायला. तिने त्यांना बसायला सांगितलं, मला पाणी आणायला पाठवलं आणि म्हणाली, “हात ओले हायत. सही पुसली जाईल.”

मग ती सोलत राहिली. तिची पाटी संपली तेव्हा तिने शेजारणीची मागून घेतली. ती संपेपर्यंत पलीकडच्या घरातून तिसरी आली. कोणी कोणाला काही सांगितलं नव्हतं, बायका आपणहून पाट्या आणून ठेवत होत्या. ग्रामसेवकाला दापोलीची शेवटची एसटी गाठायची होती. ऊन कललं तसा तो उठला, त्याच्यामागून सदस्य उठले. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीने मी घरी परतले आणि ही गोष्ट भेटेल त्याला सांगत सुटले.

मालिकेत मी तो प्रसंग जसाच्या तसा उचलला. वाक्यसुद्धा तिचंच. विचारायचं राहून गेलं असं म्हणायची सोय आहे, पण ते खरं नाही. ती नको म्हणेल या भीतीने मी विचारलंच नाही.

पुरस्कारानंतर रविवारी रत्नागिरीत माझा सत्कार ठरला. त्या व्यासपीठावर मामीला शेजारी बसवायचं आणि हा प्रसंग हिचा, हे वाक्य हिचं, असं सगळ्यांसमोर सांगायचं, असं मी ठरवलं. ती नाही म्हणाली तर ही चोरी जन्मभर माझ्याजवळच राहणार होती. फोनवर बोलायचा धीर झाला नाही. शुक्रवारी रत्नागिरीहून गाडी काढली, दोन खाड्या फेरीबोटीने ओलांडल्या. मध्ये गुहागरला थांबून मामीसाठी साडी घेतली. लाच म्हणा हवं तर.

मामी आता सत्तरीला आली आहे. मामा जाऊन काही वर्षं झाली. मी साडी पुढे केली, सगळं सांगितलं, माफी मागितली. तिने साडीचा पोत बघितला, मी जेवले का ते विचारलं. मग मला चपला घालायला लावल्या आणि किनाऱ्याकडे घेऊन गेली.

जाळी वाळायची तिथे आता चिऱ्याची उंच भिंत आहे आणि भिंतीआड हॉटेलच्या खोल्या. ती भिंत मी कितीदा तरी पाहिली होती. मामाच्या दिवसांना आले तेव्हा तिच्याच सावलीत गाडी लावली होती. ती तिथे उभी कशी राहिली, हा प्रश्न मला एकदाही पडला नव्हता.

“तू गेलीस ना, त्याच दिवशी तुझ्या मामान वही घरात आणलीन,” मामी म्हणाली. “माझे हात कोरडे होते. मी सही केली गो.”

मामाला कोणी काय सांगितलं होतं, कसली भीती घातली होती, ते मी विचारलं. गेलेल्या माणसाबद्दल ती बोलणार नव्हती. तिचं म्हणणं एवढंच होतं की सही तिची होती, कोणी हात धरून करवली नव्हती. तिला व्यासपीठावर बसवू नये, तिचं नावही घेऊ नये. ज्या बायकांनी त्या दुपारी पाट्या आणून दिल्या त्या अजून याच गावात आहेत, आणि तिला रोज त्यांच्याशी बोलायचं असतं.

इतकी वर्षं राजकारणावर लिहिते आहे, पण आपल्या चुकीबद्दल असं सरळ बोलणारं एकही पात्र मला लिहिता आलेलं नाही. सही न करणारी मामी मला आवडायची. ही जास्त आवडली, आणि माझी मला लाज वाटली.

परतताना भीत भीत विचारलं, मालिका बघून तुला माझा राग आला का?

“राग कसला? तो भाग मी तीनदा बघितला,” ती म्हणाली. “दर वेळी वाटायचं, आता ही हात पुसणार आणि सही करणार. मी तिच्या हातांकडेच बघत बसायची. नाय केलीन तिनं. तिसऱ्या वेळी पण नाय केलीन.”