पेशंट मी, रिसेप्शनला रेणुका

फोनवर रेणुकाचं नाव दिसलं आणि मी नेहमीसारखी पेशंट झाले. डॉक्टरांची अपॉइंटमेंट हवी होती, असं इंग्रजीत म्हणाले. पलीकडून एक घोगरा आवाज आला, "ताई, मी रेणूची आई बोलून राहिले. रेणू गेली ओ…" मी म्हणाले, "सॉरी?" इतकं साधं वाक्य, पण ते माझ्या डोक्यात शिरलंच नाही.

रेणुका इस्लापूरहून आईसोबत नांदेडला आलेली. आमच्या गल्लीतल्या मेसमध्ये पोळ्या लाटायची. माझी आई आजारी होती तेव्हा आमचा डबा तीच आणायची. तिला दवाखान्यात रिसेप्शनवर बसायचं होतं. ते जमलं की पत्र्याची खोली सोडून स्लॅबच्या खोलीत जायचं, हा तिचा बेत. त्यासाठी इंग्रजी हवं, म्हणून तिने मला धरलं. मी इंग्रजी शाळेतली, पण कुणासमोर तोंड न उघडणारी. समोरासमोर मला जमेना, तेव्हा फोनचा खेळ तिनेच काढला: ती रिसेप्शनला, मी पेशंट. ती चुकायची, खिदळायची, पुढे जायची. एकदा म्हणाली, "तुला समदं येतंय तर तू गप. मला काईच येत न्हाई तर माझं तोंड बंद होईना. देवानं लई उलटं वाटप केलंय बघ!"

ती गेली त्याच्या दुसऱ्याच दिवशी तिची एका दवाखान्यात मुलाखत होती. धुतलेला ड्रेस तिने कूलरपुढे दोरीवर टाकला होता. तेवढ्यात नळाला पाणी आलं. कूलर बंद केला तर ड्रेस वाळायचा नाही, म्हणून पिन न काढताच ती त्यात बादली ओतायला गेली. लोखंडी कूलर, ओले हात… आमच्या घरीही घाईत आम्ही हेच करत आलोय.

मी त्यांच्या खोलीवर पोचले तेव्हा ड्रेस दोरीवरच होता. खडखडीत वाळलेला.

परवा संध्याकाळी मी तिचा नंबर लावला. का, ते माहीत नाही. बंदच असेल असं वाटलं होतं.

"गुड मॉर्निंग," तिची आई म्हणाली.

"मावशी, मी…"

"हाव, वळखलं. फोन उचलला की आधी असंच म्हणायचं, रेणूनं शिकिवलं होतं."

बाहेर दिवे लागले होते. मावशी माझ्या उत्तरासाठी थांबल्या होत्या…

"गुड मॉर्निंग, मावशी," मी म्हणाले.