पाळीतली खाकी

हौशी शिपायांबद्दल माझ्या मनात कवडीचाही आदर नाही. परेड पाहून टाळ्या वाजवणाऱ्यांनी खुशाल वाजवाव्यात. मी आमच्या गावचं रक्षक दल पाहिलं आहे.

आलापल्लीच्या अलीकडे, सागाच्या जंगलाला लागून आमचं गाव. मालगुजारी, म्हणजे आमच्याकडची जमीनदारी, नुकतीच गेली होती, पण मालकांची मिजास गेली नव्हती. नव्या राज्यात मिरवायला त्यांना काहीतरी हवंच होतं. अशात हे दल निघालं. एरवी आपापला धंदा करायचा, आठवड्यातून एकदा कवायत करायची आणि आग, पूर, चोर आले की गाव सांभाळायचं. धाकट्या मालकांनी सगळ्यांच्या आधी नाव दिलं, मागोमाग दुकानदारांनी दिलं. नाव तेवढं दिलं. कवायतीला उन्हात उभं राहायला मात्र प्रत्येकाने आपला गडी पाठवला. हजेरीत मालकाचं नाव पुकारलं की गड्याने 'जी' म्हणायचं. यात कुणालाच काही वावगं वाटत नव्हतं. धानाच्या रोवणीला आपण चिखलात उतरत नाही, तर कवायतीला का उतरावं, इतकं ते त्यांना सरळ वाटायचं.

धाकट्या मालकांच्या जागी माझा थोरला भाऊ जायचा. आम्ही तलावात मासे धरणारी माणसं, पण भाऊ त्यांच्याकडे सालाने गडी होता. अंगात मालकांचीच खाकी वर्दी, तिच्या ढगळ विजारीला तो सुतळी बांधायचा. दलाचा कप्तान म्हणजे लाकडाच्या डेपोतला मुनीम. सागाच्या ओंडक्यांपलीकडे कुणाशी त्याची गाठ पडलेली नव्हती, पण छाती अशी काढायचा, की जणू कालच लढाईवरून परतला आहे. छातीपेक्षा पोटच पुढे यायचं, ही गोष्ट वेगळी.

त्या भादव्यात जिल्ह्याच्या गावाहून, चांद्याहून, साहेब दल बघायला येणार होते. पावसाने झड धरली होती, तलाव काठोकाठ भरला होता. आणि नेमकं ते येणार त्याच दिवशी सकाळी माझ्या बाबांना तलावाच्या पाळीतून, म्हणजे मातीच्या बांधातून, पाणी झिरपताना दिसलं. खेकड्यांनी पाळ पोखरली होती. मालगुजारी गेल्यापासून तिच्यावर कुणी टोपलीभर माती टाकली नव्हती. मालक म्हणायचे, तलाव आता सरकारचा. सरकार म्हणायचं, बघू. पाळीखाली साऱ्या गावाचं धान उभं होतं, सगळ्यात आधी मालकांच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं. तलावात आम्ही सोडलेलं मासळीचं बी होतं. पाळ फुटली असती, तर वर्षभर ना भात, ना मासे.

बाबा शाळेच्या मैदानावर धावले. मागे मी, हातात टोपली.

"मुनीमजी, पोट्ट्याइले सोडा. पाळ फुटून राह्यली!"

"सायेब येऊन राह्यले. लाईन नाई मोडाची."

"अजी, मंग हे दल काढलं कायले?"

मुनीम ढिम्म हलला नाही. धाकटे मालक शाळेच्या ओसरीत खुर्चीवर बसून स्वतःचीच कवायत पाहत होते. ते म्हणाले, "सायबासमोर चिखलानं भरलेले गडी उभे करू का? थांबा थोडसे." माझ्या अंगाची लाहीलाही झाली. ती खुर्ची लाथेने उलटवावी, असं वाटलं, आजही वाटतं.

भाऊ रांगेतून निघाला आणि सरळ पाळीकडे पळत सुटला. मग दुसरा गडी, तिसरा, सगळेच. रिकाम्या मैदानावर मुनीम एकटाच 'सावधान' ओरडत राहिला.

पाळीवर टाकलेली माती टिकत नव्हती, पाणी ती वाहून नेत होतं. पोती मालकांच्या कोठारात, आणि कोठाराला कुलूप. भावाने अंगातली खाकी उतरवली. विजारीचे पाय सुतळीने बांधले, आत चिकणमाती ठासली आणि ते बोचकं भोकात कोंबलं. वर सदऱ्याचं तसंच बोचकं. बाकीच्यांनीही कपडे उतरवले. सगळं रक्षक दल लंगोटीवर आलं आणि त्या दिवशी पहिल्यांदा मला ते शिपायांसारखं दिसलं. दुपार कलली तेव्हा पाणी थांबलं. बाबा पाळीवर बसून मोठ्याने रडले.

संध्याकाळी साहेब आले. दलाने तलाव राखला, असं मुनीमाने छाती काढून सांगितलं. पाळीवर पहिला कोण गेला, असं साहेबांनी विचारल्यावर त्याने हजेरीतलं नाव सांगितलं. धाकट्या मालकांनी लाजून मान खाली घातली, 'तो मी नव्हे' एवढं काही त्यांच्या तोंडून निघालं नाही. चांद्याला जाहीर सत्कार ठरला, खाकी घालून यायचं. रांग मोडली म्हणून दुसऱ्या दिवशी त्यांनी भावाला कामावरून काढून टाकलं.

सत्काराच्या आधी धाकटे मालक आमच्या अंगणात आले, जन्मात पहिल्यांदा.

"माही खाकी कुठी आहे बे?"

भाऊ जाळं सांधत होता. त्याने मान वर केली नाही.

"पाळीत हाय, मालक. तुमचीच हाय, काढून घ्या. फक्त खाली तुमच्या बांधीत बाया निंदून राह्यल्या, त्याइले आंधी वर येऊ द्या."

मालकांनी पाळीकडे पाहिलं. खाली वाऱ्यावर हलणाऱ्या स्वतःच्या धानाकडे पाहिलं. तोंडात मारल्यासारखे परत गेले आणि मुनीमाची खाकी घालून चांद्याला सत्कार घेऊन आले.

त्या वर्षी धान झालं, मासेही निघाले. धाकट्या मालकांनी गावासाठी जन्मात काही दिलं असेल, तर ती एक विजार. आणि तीही परत मागायला आले होते.